भारतातला ईव्ही उद्योग किती खोल गेला आहे? भोसरीतील एका लघुउद्योजकाच्या प्रश्नाला उत्तर

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. भोसरी एमआयडीसीत वडिलांनी उभे केलेले यंत्रकामाचे युनिट आपण चालवता, बावीस कामगार आहेत, आणि बहुतेक काम दुचाकीच्या इंजिनाच्या सुट्या भागांचे आहे: रॉकर आर्म, व्हॉल्व्ह गाइड, लहान शाफ्ट. गेल्या दोन वर्षांत दोन ग्राहकांनी शेड्यूल, म्हणजे ठरलेली नियमित ऑर्डर, कमी केले. कोणी म्हणते की पुढच्या दहा वर्षांत इंजिन संपणार, कोणी म्हणते की ईव्ही हा सरकारी अनुदानावर फुगलेला फुगा आहे. भारतातला हा उद्योग खरोखर वाढतो आहे का, आणि त्यासाठी कर्ज काढून नवी यंत्रे घ्यावीत का, असे आपण विचारले आहे.

मी याच पट्ट्यात तीस वर्षांहून अधिक काळ वाहनांच्या सुट्या भागांचे उत्पादन आणि तपासणी केली आहे, आणि त्यातली शेवटची अकरा वर्षे विजेच्या मोटरींच्या भागांवर गेली आहेत. त्या अनुभवावरून सांगतो की उद्योग खरोखर वाढतो आहे. मात्र आरटीओत किती गाड्यांची नोंद झाली, या आकड्याने ही वाढ मोजली तर आपला निर्णय चुकेल. गाडीच्या किमतीतला किती हिस्सा इथल्या यंत्रावर, इथल्या माणसांच्या हातून तयार होतो, हे आपल्यासारख्याचे माप आहे, आणि त्या मापाने पाहिले तर चित्र बरेच वेगळे दिसते.

आधी मागचा थोडा इतिहास सांगणे भाग आहे, कारण आज जिथे काम मिळते आहे आणि जिथे मिळत नाही, त्याची कारणे तिथेच आहेत. बंगळुरूची रेवा ही छोटी विजेची मोटार 2001 मध्ये रस्त्यावर आली, तेव्हा तिच्यात शिसे-आम्लाच्या बॅटऱ्या होत्या. 2010 मध्ये महिंद्राने त्या कंपनीचा मोठा हिस्सा विकत घेतला. 2013 च्या सुरुवातीला केंद्र सरकारने राष्ट्रीय विद्युत गतिशीलता आराखडा जाहीर केला आणि 2020 पर्यंत 60 ते 70 लाख विजेची व हायब्रिड वाहने रस्त्यावर आणण्याचे लक्ष्य ठेवले. ते लक्ष्य फार मोठ्या अंतराने हुकले. 2015 मध्ये फेम नावाची अनुदान योजना आली आणि 2017 मध्ये ईईएसएल या सरकारी कंपनीने 10,000 विजेच्या मोटारींची निविदा काढली. त्या मोटारी एका चार्जमध्ये शंभर-सव्वाशे किलोमीटरच्या आत चालणाऱ्या होत्या आणि चार्जिंगची सोय नावापुरती होती. ज्या सरकारी खात्यांना त्या द्यायच्या होत्या तिथून तक्रारी येऊ लागल्या आणि ठरलेल्या गाड्यांपैकी थोड्याच प्रत्यक्षात लागल्या.

याच काळात दिल्ली आणि उत्तर प्रदेशात एक गोष्ट कोणत्याही आराखड्यावाचून घडत होती. चीनमधून सुटे भाग आणायचे, पत्रा-पाइपचा सांगाडा जोडायचा, सीटखाली चार शिसे-आम्लाच्या बॅटऱ्या ठेवायच्या आणि ई-रिक्षा विकायची, अशी शेकडो छोटी वर्कशॉप उभी राहिली. 2014 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने अशा रिक्षांवर बंदी घातली आणि 2015 मध्ये मोटार वाहन कायद्यात दुरुस्ती होऊन त्यांना कायदेशीर स्थान मिळाले. त्या रिक्षांची बनावट कच्ची होती, बॅटऱ्या वर्षभरात बदलाव्या लागत, ब्रेक आणि सांगाड्याबद्दल मला आजही काळजी वाटते. पण चालकाचा रोजचा हिशेब जुळत होता, आणि या देशात विजेचे वाहन पहिल्यांदा खपले ते तिथे. आज विकल्या जाणाऱ्या प्रवासी आणि मालवाहू तीनचाकींपैकी निम्म्याहून जास्त विजेवर चालतात. 

हा रोजचा हिशेब एकदा कागदावर मांडून पाहण्यासारखा आहे. पुण्यातली सीएनजी रिक्षा एका किलोत पस्तीस-चाळीस किलोमीटर जाते असे धरले, तर इंधनाचा खर्च किलोमीटरला दोन रुपयांच्या वर जातो. लिथियम बॅटरीची चांगली तीनचाकी किलोमीटरला साधारण 70 वॅट-तास वीज खाते, म्हणजे नऊ-दहा रुपये युनिटने वीज घेतली तरी खर्च सत्तर पैशांच्या आसपास राहतो. दिवसाला शंभर किलोमीटर चालणाऱ्या माणसाच्या हाती रोज दीडशे रुपये जास्त उरतात आणि त्यातून गाडीच्या हप्त्याचा मोठा भाग निघतो. ज्याची गाडी दिवसभर धावते त्याला वीज परवडते, आणि ज्याची गाडी दिवसातले बावीस तास उभी असते त्याला तिची जास्तीची किंमत वसूल करायला फार वर्षे लागतात. भारतात ही वाढ तीनचाकीकडून दुचाकीकडे, मग बसकडे आणि सर्वांत शेवटी मोटारीकडे गेली, त्याचे मूळ या हिशेबात आहे. 2024-25 मध्ये देशात सुमारे 20 लाख विजेची वाहने नोंदली गेली. त्यांत दुचाकी साडेअकरा लाखांच्या आसपास, तीनचाकी सात लाखांच्या आसपास आणि मोटारी लाखभर होत्या.

आता फुग्याच्या आरोपाकडे येतो. 2019 मध्ये फेमचा दुसरा टप्पा 10,000 कोटी रुपयांचा आला आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ईव्हीवरचा जीएसटी 12 वरून 5 टक्क्यांवर आला. जून 2021 मध्ये दुचाकीचे अनुदान बॅटरीच्या प्रत्येक किलोवॅट-तासामागे 10,000 वरून 15,000 रुपये झाले आणि गाडीच्या किमतीच्या 40 टक्क्यांपर्यंत मदत मिळू लागली. तीन किलोवॅट-तासांच्या स्कूटरला 45,000 रुपयांपर्यंत सरकारी हात लागत होता, हे खरे आहे. 1 जून 2023 पासून ही मर्यादा 15 टक्क्यांवर आली. त्या मे महिन्यात लाखाहून अधिक विजेच्या दुचाक्या नोंदल्या गेल्या होत्या, जूनमध्ये आकडा निम्म्याहून खाली गेला आणि भोसरी-चाकणच्या पट्ट्यात कित्येकांच्या तोंडचे पाणी पळाले. पुढे एप्रिल 2024 पासून मदत दुचाकीमागे जास्तीत जास्त 10,000 रुपयांवर आणि त्यानंतरच्या वर्षी पीएम ई-ड्राइव्ह योजनेत 5,000 रुपयांवर आली.

अनुदानाचा फुगा असता तर या घसरणीबरोबर बाजार बसला असता. प्रत्यक्षात 2022-23 मध्ये सुमारे 7.3 लाख, 2023-24 मध्ये 9.5 लाख आणि 2024-25 मध्ये 11.5 लाख विजेच्या दुचाक्या विकल्या गेल्या. गाडीमागची मदत पंचेचाळीस हजारांवरून दहा हजारांवर येत असताना विक्री वाढत गेली, याचे मुख्य कारण बॅटरी स्वस्त झाली हे आहे. 2010 मध्ये लिथियम-आयन बॅटरीच्या पॅकचा जागतिक भाव किलोवॅट-तासाला हजार डॉलरच्या वर होता, 2024 मध्ये तो 115 डॉलरच्या आसपास आला. दुसरे कारण आपल्या शेजारीच दिसते. स्कूटर बनवण्याचा अनेक दशकांचा अनुभव असलेल्या कंपन्या बाजारात उतरल्या, त्यांच्याकडे व्हेंडर (सुटे भाग पुरवणारे) होते, डीलर होते, सर्व्हिस सेंटर होती. जानेवारी 2020 मध्ये बजाजने चेतक विजेवर आणली आणि 2022 मध्ये आकुर्डीत जिथे जुनी पेट्रोलची चेतक बनत असे त्याच जागेवर नवा विजेच्या स्कूटरचा कारखाना सुरू केला. चेतक आली त्याच जानेवारी 2020 मध्ये होसूरच्या टीव्हीएसची आयक्यूब ही विजेची स्कूटर आली. 2025 मध्ये विक्रीच्या यादीत वरच्या जागांवर याच दोन जुन्या कंपन्या दिसू लागल्या, आणि सुट्या भागांच्या व्यवसायातल्या माणसासाठी ही फार मोठी बातमी होती, कारण जुनी कंपनी आपल्या जुन्या व्हेंडरला निदान एकदा तरी विचारते.

तरीही अनुदानाचा एक दोष मी मनापासून मांडतो, कारण त्याने छोट्या उद्योगांचे नुकसान केले. फेमची अट अशी होती की मोटर, कंट्रोलर (मोटरला किती वीज द्यायची ते ठरवणारा भाग), हार्नेस (तारांचा जुडगा), चार्जर असे भाग टप्प्याटप्प्याने देशात बनले पाहिजेत. काही कंपन्यांनी कागदावर देशी आणि खोक्यात आयात असा मार्ग धरला. 2023 मध्ये अवजड उद्योग मंत्रालयाने सात कंपन्यांकडे मिळून 469 कोटी रुपयांचे अनुदान परत मागितले. ज्या काळात इथल्या एखाद्या युनिटने मोटरचा शाफ्ट किंवा कंट्रोलरची ॲल्युमिनियमची पेटी शिकून घ्यायला हवी होती, त्या काळात ते काम आयात खोक्यांनी नेले, आणि शिकण्याची ती दोन-तीन वर्षे आपल्याकडून गेली.

2022 च्या उन्हाळ्यात देशात ठिकठिकाणी विजेच्या स्कूटरी पेटल्या. त्यांतली एक पुण्यात पेटली आणि तिची चित्रफीत सगळ्यांनी पाहिली. त्यानंतर एआयएस-156 हे बॅटरीचे मानक कडक झाले आणि त्याचे दोन टप्पे डिसेंबर 2022 व मार्च 2023 अखेर लागू झाले. पॅकमधला एक सेल (पॅक ज्यांचा बनतो त्या लहान बॅटऱ्यांपैकी एक) पेटला तर ती आग पुढे पसरून माणसाला धोका होऊ नये, याची चाचणी त्यात आली. वेताळ टेकडीवरच्या एआरएआय या वाहन चाचणी संस्थेत त्या महिन्यांत चाचणीसाठी रांगा होत्या. ज्यांना फक्त आणून जोडायचे ठाऊक होते असे बरेच जोडणीवाले त्या वेळी बाजूला झाले. ज्यांनी सेल जोडणाऱ्या स्पॉट वेल्डची ओढ-चाचणी केली होती, सेलांमध्ये उष्णतारोधक पत्रे घातले होते आणि बीएमएस (बॅटरीवर लक्ष ठेवणारा इलेक्ट्रॉनिक बोर्ड) स्वतः तपासला होता, ते टिकले. चंद्रपूर-नागपूरच्या 45 अंशांच्या उन्हात उभी राहणारी गाडी युरोपातल्या मानकावर विसंबून बनवता येत नाही, हे आपल्या लोकांना त्या उन्हाळ्याने शिकवले.

बस आणि मोटारींबद्दल थोडक्यात सांगतो, कारण आपल्या युनिटशी त्यांचा संबंध लांबचा आहे. पुण्याची शहर बससेवा चालवणाऱ्या पीएमपीएमएलने 2019 मध्ये विजेच्या बस आणल्या, आणि 1948 मध्ये ज्या पुणे-अहमदनगर मार्गावर एसटीची पहिली बस धावली त्याच मार्गावर 1 जून 2022 रोजी एसटीची शिवाई ही विजेची बस धावली. या बस बहुधा किलोमीटरमागे ठरलेल्या दराच्या करारावर ठेकेदार चालवतात. 2022 च्या मोठ्या केंद्रीय निविदेत बारा मीटर बसचा दर किलोमीटरला 43 रुपयांच्या आसपास निघाला आणि त्याने डिझेलशी तुलना पुरती बदलली. मात्र परिवहन संस्थांची देणी वेळेवर मिळतील याचा भरवसा नसल्याने बँका आणि बस बनवणारे कचरत राहिले, आणि एसटीच्या पाच हजारांहून अधिक बसच्या कराराचे वेळापत्रकही मागे पडले. मोटारींत टाटांची नेक्सॉन ईव्ही जानेवारी 2020 पासून रांजणगावहून निघते आणि महिंद्राच्या नव्या विजेच्या एसयूव्ही चाकणला बनतात. विजेच्या स्कूटर बनवणारी एथर छत्रपती संभाजीनगरजवळ बिडकीनला येते आहे. म्हणजे कारखाने आपल्या दाराशी आहेत.

आता खोलीच्या मुद्द्याकडे येतो, आणि इथे मला थोडे थांबावेसे वाटते. आमच्या टेबलावर एकदा आम्ही एका स्कूटरचा पॅक उघडला. वरचे ॲल्युमिनियमचे झाकण चाकणचे, रबरी सील पिंपरीचे, तारांचे हार्नेस आमच्या शेजारच्या गल्लीतले, बीएमएसचा बोर्ड बंगळुरूला जुळवलेला. आणि या सगळ्याच्या आत दाटीने उभे असलेले सगळे सेल आयात केलेले, बहुतेक चीनमधून. गाडीच्या किमतीतला तीस ते चाळीस टक्के हिस्सा पॅकचा असतो आणि पॅकच्या किमतीतला सर्वांत मोठा हिस्सा सेलचा. त्यामुळे गाडी चाकणला बनली तरी तिच्या किमतीचा मोठा वाटा समुद्रापार जातो.

सेल देशात बनावेत म्हणून 2021 मध्ये 18,100 कोटी रुपयांची योजना आली आणि 50 गिगावॅट-तास क्षमतेचे लक्ष्य ठरले. काम ठरलेल्या मुदतीपेक्षा बरेच मागे आहे. याला आळस म्हणणे अन्यायाचे होईल. तांब्याच्या आणि ॲल्युमिनियमच्या पातळ फॉइलवर काही मायक्रॉनच्या अचूकतेने लेप द्यायचा, तोही अशा खोलीत जिथे हवेतले पाणी जवळजवळ पूर्ण काढून टाकलेले असते. त्यासाठीची यंत्रे मुख्यतः चीन, कोरिया आणि जपानमधून येतात, आणि ती लावून देणाऱ्या तंत्रज्ञांचे व्हिसा अडले की काम अडते. यंत्रे लागली तरी सुरुवातीचे कित्येक महिने मोठा भाग भंगारात जातो. तरीही कृष्णगिरी, बंगळुरू, तेलंगण आणि साणंद इथे हे काम सुरू झाले आहे, आणि माझ्या मते पुढची दहा वर्षे या उद्योगाचे भवितव्य तिथे ठरेल. एक गोष्ट मला नेहमी टोचते. आज स्वस्त गाड्यांमध्ये सर्वत्र वापरले जाणारे लिथियम-लोह-फॉस्फेट हे रसायन 1997 मध्ये अमेरिकेतल्या टेक्सास विद्यापीठात जॉन गुडइनफ यांच्या प्रयोगशाळेतून पुढे आले, आणि त्या शोधनिबंधावर गुडइनफ यांच्यासोबत पाढी आणि नंजुंडस्वामी ही दोन भारतीय नावे आहेत. त्याचे कारखाने मात्र चीनने उभे केले, कारण 2009 पासून त्या देशाने शहरांच्या बस, टॅक्सी, सेल, यंत्रे आणि कच्चा माल यांची साखळी एकत्र उभारायला घेतली होती.

चुंबकांचा धडा तर अगदी ताजा आहे. एप्रिल 2025 मध्ये चीनने सात दुर्मिळ मृदा धातू आणि त्यांच्या चुंबकांच्या निर्यातीवर परवान्याची अट घातली. मोटरमधल्या चुंबकाला उष्णतेत टिकवून ठेवणारे डिस्प्रोसियम आणि टर्बियम त्यांत आहेत. एका स्कूटरच्या मोटरमध्ये हे चुंबक वजनाने फार थोडे असतात, पण त्यांच्याशिवाय मोटर फिरत नाही. त्या उन्हाळ्यात आणि पावसाळ्यात बजाजला चेतकचे उत्पादन घटवावे लागले, आणि आकुर्डीचे शेड्यूल खाली आले की भोसरीतल्या किती शेडमध्ये दुसरी पाळी बंद होते, हे आपण स्वतः पाहिले असेल. नोव्हेंबर 2025 मध्ये केंद्राने वर्षाला 6,000 टन चुंबक देशात बनवण्यासाठी 7,280 कोटींची योजना मंजूर केली. आपल्या केरळ, तमिळनाडू आणि ओडिशाच्या किनाऱ्यावरच्या वाळूत मोनाझाइट आहे, त्यामुळे कच्चा माल नाही असे म्हणता येत नाही. शुद्धीकरण आणि चुंबक घडवणे या मधल्या पायऱ्या आपण उभ्या केल्या नव्हत्या.

आता आपल्या शेडमध्ये येऊ या. इंजिन संपणार की नाही, या प्रश्नापेक्षा आपला भाग स्कूटरमध्ये जातो की मोटरसायकलमध्ये, हा प्रश्न आपल्यासाठी जास्त कामाचा आहे. देशातल्या एकूण दुचाक्यांपैकी अजून सुमारे 94 टक्के पेट्रोलवर विकल्या जातात, आणि हा आकडा ऐकून बरेच जण निश्चिंत होतात. पण वीज जवळजवळ पूर्णपणे स्कूटरच्या बाजारात शिरली आहे. विकल्या जाणाऱ्या साधारण सहा-सात स्कूटरींमागे एक आता विजेची आहे, तर शंभर-सव्वाशे सीसीच्या मोटरसायकलीला विजेने अजून हात लावलेला नाही. गावात राहणाऱ्या, दिवसाला ऐंशी किलोमीटर चालवणाऱ्या आणि गाडी वर्षानुवर्षे टिकवणाऱ्या माणसाला हव्या त्या किमतीत विजेची मोटरसायकल कोणी देऊ शकलेले नाही. शिवाय मोटरसायकली आफ्रिका आणि लॅटिन अमेरिकेत मोठ्या संख्येने जातात. म्हणून आपले व्हॉल्व्ह गाइड मोटरसायकलसाठी असतील तर आपल्याकडे वेळ आहे, आणि स्कूटरसाठी असतील तर शेड्यूलमधली जी घट आपण पाहिली ती परत येण्याची वाट पाहू नये. सप्टेंबर 2025 मध्ये 350 सीसीपर्यंतच्या दुचाकींवरचा जीएसटी 28 वरून 18 टक्क्यांवर आल्याने पेट्रोलच्या गाड्यांना थोडा श्वास मिळाला आहे, आणि ती सवलत आपल्यासाठी तयारीची मुदत आहे असे मी समजतो.

तयारी कशाची करायची, हे एका प्रसंगातून सांगतो. काही वर्षांपूर्वी आम्ही एका मोटर बनवणाऱ्या ग्राहकासाठी रोटरचे, म्हणजे मोटरच्या आत फिरणाऱ्या भागाचे, शाफ्ट करत होतो. सेंटरलेस ग्राइंडिंग (जॉब टोकांना न पकडता दोन चाकांमध्ये घासणे) करून बेअरिंगची जागा साडेचार-पाच मायक्रॉनच्या आत धरली होती, मायक्रोमीटरवर प्रत्येक जॉब बरोबर येत होता, आणि चारशे नगांची पूर्ण लॉट परत आली. तक्रार अशी होती की मोटर ठराविक वेगाला गुणगुणते. आम्ही पुन्हा मोजले, पुन्हा बरोबर. शेवटी दोन शाफ्ट गोलपणा मोजणाऱ्या राउंडनेस टेस्टरवर लावले आणि पडद्यावर गोलाच्या जागी तीन कोपऱ्यांचा आकार उमटला. सेंटरलेस ग्राइंडिंगमध्ये सेटिंग जरा चुकले की जॉबला विषम संख्येचे लोब (फुगवटे) येतात, आणि समोरासमोर दोन ठिकाणी टेकणाऱ्या मायक्रोमीटरला असा तीन लोबचा जॉब सगळीकडून एकाच व्यासाचा दिसतो. चूक आमची होती. हाच शाफ्ट इंजिनात गेला असता तर स्फोटाच्या आणि साखळीच्या आवाजात कोणाच्या कानावरही ती गुणगुण पडली नसती. मोटरमध्ये लपायला आवाज नसतो, आणि शिवाय तिचे फेरे बऱ्याचदा इंजिनापेक्षा जास्त असतात.

आपल्या क्षेत्रात पडलेला फरक हा आहे. विजेच्या गाडीत हलणारे भाग थोडे असतात, त्यामुळे नगांची संख्या कमी होते, पण जे भाग उरतात त्यांच्याकडून मागणी कडक होते. रोटर शाफ्टचा रनआऊट (फिरताना होणारी डगमग), बेअरिंगच्या जागेचा गोलपणा, रिडक्शन गिअरच्या दातांची फिनिश, पाण्याने थंड होणाऱ्या मोटरच्या डायकास्ट पेटीची गळती-चाचणी, बॅटरीच्या ॲल्युमिनियम पेटीच्या सीलच्या पृष्ठभागाचा सपाटपणा, हे सगळे यंत्रकामच आहे आणि ते आपल्या कामगारांच्या हाताबाहेरचे नाही. रॉकर आर्मवर पंधरा वर्षे काम केलेल्या माणसाचा हात तिथे उपयोगी पडतो. फक्त त्याला मोजायला वेगळे साधन द्यावे लागते. चाकात बसणारी हब मोटर मात्र आपण धरू नये असे मला वाटते, कारण तिच्यात यंत्रकाम थोडे आणि स्पर्धा फार आहे. कंट्रोलरचे इलेक्ट्रॉनिक्स किंवा पॅक जुळवणी यांच्या मागेही लगेच जाऊ नये. तिथे भांडवल आणि चाचणीचा खर्च आपल्या आकाराच्या युनिटला झेपणारा नाही, आणि एका मानकातल्या दुरुस्तीने सारा साठा बाद होऊ शकतो.

कर्जाबद्दल स्पष्ट सांगतो. ऑर्डर हातात नसताना, केवळ ईव्ही येणार आहे म्हणून सात-आठ यंत्रांची नवी ओळ उभी करू नये. ओळखीतल्या दोन युनिटांनी 2022 मध्ये एकाच ग्राहकाच्या तोंडी आश्वासनावर तसे केले, जून 2023 नंतर त्या ग्राहकाने शेड्यूल पाठवणे थांबवले, आणि हप्ते मात्र चालू राहिले. कोणत्याही एका ईव्ही ग्राहकाचे काम आपल्या उलाढालीच्या चौथ्या भागावर जाऊ देऊ नये, निदान त्याची तीन वर्षांची विक्री पाहेपर्यंत. या उद्योगात कंपन्या अजून पडत आणि उभ्या राहत आहेत, आणि पडणाऱ्याच्या घेणेकऱ्यांच्या यादीत सुट्या भागांचा व्हेंडर सर्वांत शेवटी असतो.

त्याऐवजी आपल्याकडे असलेल्या सीएनसी आणि ग्राइंडरवर वीस-पंचवीस शाफ्टचा नमुना करावा. राउंडनेस टेस्टर लगेच विकत घेण्याची गरज नाही. चिंचवडच्या ऑटो क्लस्टरसारख्या ठिकाणी पैसे भरून मोजणी करून मिळते. ग्राइंडरवरच्या आपल्या माणसाला त्या मोजणीला सोबत न्यावे, आणि पडद्यावरचा आकार त्याला स्वतःच्या डोळ्यांनी पाहू द्यावा. वर्क-रेस्टची (जॉब ज्यावर टेकतो त्या पट्टीची) उंची किती बदलली की लोब जातात, हे तो दोन दिवसांत पकडेल. मग त्या वीस जॉबचे आलेख आणि प्रत्येकाचा क्रमांक एका फायलीत लावून मोटर बनवणाऱ्याच्या खरेदी विभागाकडे जाण्याआधी त्याच्या क्वालिटी विभागाकडे जावे. खरेदीवाला आधी भाव विचारतो, क्वालिटीवाला आधी आलेख पाहतो, आणि आपल्याला आज दाखवायचे आहेत ते आलेख.